देवगडावरची चौकशी

शंभर रुपयांत देवगडचा किल्ला, पायथ्याच्या बावड्या, सोबत माहिती सांगणारा माणूस आणि वरून पोहे-चहा, असं मुलीनं मोबाइलवरून वाचून दाखवलं तेव्हा मी पेपर खाली ठेवला आणि विचारलं, "तो काय विकून राहिला?"

"कोण?"

"जो शंभर रुपयांत गड दाखवून राहिला तो."

"काही नाही विकत, बाबा. पायी फिरवतो. चार तास."

चार तास पायी फिरवून जो काहीच विकत नाही, तो माणूस तर आणखीनच धोक्याचा. माझा हा संशय अनुभवातून आलेला आहे. एकदा आमच्या सौंसरातच हाडांची फुकट तपासणी होती. मी धडधाकट हाडं घेऊन गेलो आणि तांब्याचं कडं, चुंबकाचा पट्टा आणि एका गादीची ऑर्डर घेऊन परतलो. कडं हिरवं पडलं, पट्टा हरवला. गादीवर आमची मांजर झोपते. तिची हाडं उत्तम आहेत.

पण खरं सांगायचं तर त्या दिवसांत मला नुसत्या स्वस्ताईचा संशय नव्हता. मला सगळ्यांचाच संशय येत होता, आणि त्याला कारण होतं. पांढुर्ण्याचं एक स्थळ येऊन मुलीला पाहून गेलं होतं. मुलगा वीज खात्यात इंजिनिअर, आईबाप साधे, घरची थोडी संत्र्याची बाग. आमची मुलगी पोस्टात नोकरीला, वयानं सव्वीस, आणि याआधीच्या तीन स्थळांना तिनं कारण न सांगता नाही म्हटलेलं. या वेळी मात्र तिनं 'नाही' म्हटलं नव्हतं. 'हो' पण म्हटलं नव्हतं. आमच्या घरात हा शुभशकुनच होता. मुलाच्या बापानं निघताना हात जोडले आणि म्हणाला, "कळवतो जी."

आता आमच्या भागात 'कळवतो' याचा अर्थ असा की आजपासून चौकशी सुरू. मुलाकडचा कोणीतरी अनोळखी माणूस तुमच्या गावात येतो. तुमच्या घरी येत नाही. तो पानठेल्यावर उभा राहतो, किराणा दुकानात पावशेर शेंगदाणे घेतो, सलूनात दाढी करतो आणि बोलता बोलता विचारतो, "ते शाळेतले मास्तर कुठी राहतात जी? लोक कसे आहेत?" बस. पंधरा मिनिटांत तुमची तीन पिढ्यांची कुंडली त्याच्या खिशात.

मी स्वतः या कलेतला जुना माणूस. नात्यातल्या किती मुलींसाठी मी चौकशा केल्या. माझी खास जागा सलून. न्हाव्याला सगळं माहीत असतं आणि तुमच्या गळ्यावर त्याचा वस्तरा असल्यामुळे तुम्ही मध्ये बोलत नाही, तो बोलत राहतो. एकदा मात्र, मावसबहिणीच्या मुलीसाठी गेलो असताना, सलून बंद निघालं म्हणून मी पानठेल्यावर उभ्या असलेल्या एका सभ्य गृहस्थाला धरलं. मुलगा पितो का, आई भांडखोर आहे म्हणतात ते खरं का, सगळं विचारलं. त्यानं शांतपणे सगळ्याची उत्तरं दिली, मला पान खाऊ घातलं आणि म्हणाला, "चला, चहा घ्यायला. ती भांडखोर बाई माझी बहीणच आहे." तो मुलाचा सख्खा मामा निघाला. चहा अतिशय गोड होता. लग्न जमलं नाही.

तर अशा माणसाला आपली चौकशी सुरू असल्याचं कळल्यावर झोप कशी येणार? सतरा दिवस झाले तरी निरोप नव्हता. बायको म्हणायची, "पौष सुरू आहे ना जी. पौषात कोणी कळवते काय? थांबा ना जरा." पण मी थांबणारा नाही. रोज सकाळी मी आमच्या चौकातल्या पानठेल्यावर जाऊन बसायचो आणि अनोळखी चेहरे तपासायचो. एका औषधाच्या एजंटला तर मी सरळ विचारलं, "पांढुर्ण्याचे काय जी तुम्ही?" तो बैतूलचा होता. घाबरून त्यानं मला गॅसच्या गोळ्यांचं पाकीट फुकट दिलं.

अशा मनःस्थितीत मुलीनं देवगडचं काढलं. बायकोला गुडघ्याचा त्रास, आणि डोंगर म्हटलं की ती देवळाशिवाय चढत नाही. पण या वेळी तीच म्हणाली, "जाऊन येऊ ना. जन्म गेला इथं, देवगड नाही पाहिला." इथंच मला संशय यायला हवा होता. आला नाही. मी त्या शंभर रुपयांकडेच पाहत होतो.

संक्रांतीच्या आधीचा रविवार. पहाटेची छिंदवाड्याची बस धरून उमरानाल्याला उतरलो, तिथून जीपनं देवगड. थंडी अशी की बोलताना तोंडातून धूर. गावाच्या तोंडाशी टोपी घातलेला, गळ्यात शिट्टी अडकवलेला सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा एक मुलगा उभा होता. हाच आमचा गाइड. आमच्याशिवाय नागपूरहून आलेलं एक नवरा-बायकोचं जोडपं होतं, आणि ते पहिल्या मिनिटापासून एकमेकांचे फोटो काढण्यात असे गुंतले की त्यांच्यावर संशय घेण्यात अर्थच नव्हता.

गाइडनं नमस्कार केला. "या काका, या काकू. त्रास तं नाही झाला ना?"

"तुम्ही कुठले जी?" मी विचारलं. कोणालाही भेटल्यावर मी आधी हेच विचारतो.

"मोहगावचा, काका."

"शिक्षण?"

"कॉलेज पांढुर्ण्याले केलं."

माझे कान उभे राहिले. पांढुर्णा! मी बायकोकडे पाहिलं. ती पदर सारखा करत होती. मुलगी बुटाची लेस बांधत होती.

मग त्यानं वही काढली आणि विचारायला लागला. "काका, वय? बीपी आहे काय? शुगर? छातीत दुखते काय कधी? घरी कोणाले फोन कराचा असन तं कोणाले? आणखी कोणी भाऊ-बहीण आहे ताईले?"

आता मला सांगा. किल्ला दाखवणाऱ्याला माझ्या शुगरशी काय देणंघेणं? आणि मुलीच्या भावा-बहिणीशी? मला एका क्षणात सगळं दिसलं. शंभर रुपये का, पोहे का, पांढुर्ण्याचं कॉलेज का. अरे वा! पांढुर्णेवाले तर माझ्यापेक्षाही पुढचे निघाले. सलून नाही, पानठेला नाही, सरळ आम्हालाच गावाबाहेर बोलावून चार तास पायी चालवून तपासणी. बापाची छाती, आईचे गुडघे, मुलीचा दम. खानदानात आजार आहे का, ते डोंगर चढवूनच कळणार.

मी छाती पुढे काढली. "काही नाही," मी म्हणालो. "बीपी नाही, शुगर नाही. आमच्या घराण्यात कोणालाच नाही. माझे आजोबा नव्वदीत कापूस वेचायचे."

आजोबा पासष्टव्या वर्षी गेले. आणि मी त्याच सकाळी घरून शुगरची गोळी घेऊन निघालो होतो. मुलीनं माझ्याकडे पाहिलं, तोंड उघडलं आणि परत मिटलं. मला वाटलं, शहाणी पोर आहे, खेळ ओळखला.

मग पोहे आले. गावातल्या एका घरी केलेले, वर कच्चा कांदा, तर्री, शेव. वास असा की पोटात गाडी सुरू झाली. पण माझ्या डोक्यात वेगळीच गाडी. अजून बोलणी व्हायची आहेत आणि मुलीच्या बापानं मुलाकडच्या माणसाच्या हातचं बकाबका खावं? लोक काय म्हणतील, भुकेले आहेत. मी दोन चमचे खाल्ले आणि ताट बाजूला सारलं. "आम्ही सकाळी जास्त खात नाही."

बायको कानाशी येऊन कुजबुजली, "गोळी घेतली आहे ना तुम्ही? खा ना गुमान."

"हळू बोल," मी म्हणालो. "ऐकून राहिला तो."

"ऐकू दे! काऊन, तो काय जावई आहे तुमचा?"

"त्याहून मोठा आहे," मी म्हणालो. बायकोनं कपाळाला हात लावला आणि माझ्या वाटचे पोहेही संपवले.

आधी बावड्या, म्हणजे पायऱ्यांच्या जुन्या विहिरी. लोक म्हणतात, देवगडात आठशे विहिरी आणि नऊशे बावड्या होत्या. गोंड राजांची राजधानी होती ही, एवढ्या माणसांना पाणी लागणारच. गाइड एकेका बावडीच्या काठावर थांबून सांगत होता. कोणती गाळानं भरली होती, कोणती गावकऱ्यांनी हातांनी उपसली. खरं तर तो फार छान सांगत होता. पण मी ऐकत कुठं होतो? तो म्हणाला, "वरतून पाहाल तं साधा खड्डा वाटते, काका. खाली उतरलं की मग समजते किती खोल आहे." मी लगेच म्हणालो, "आमचंही तसंच आहे. बोलत नाही आम्ही." नागपूरकर बाईनं कॅमेरा खाली करून माझ्याकडे पाहिलं.

मग मी मुलीच्या गुणांना हात घातला. "हिच्या हातची पाटवडी खाल्ली ना, तर माणूस बोटं चाटते. शिवाय पोस्टात प्रमोशन होणार आहे. आवाज कधी चढवत नाही."

"बाबा!" मुलगी ओरडली.

आवाज बावडीत घुमला आणि तीनदा परत आला.

गाइड हसला आणि वहीत काहीतरी लिहिलं. काय लिहिलं असेल? 'मुलगी तापट.' माझ्या अंगाला घाम फुटला. तेव्हा मला वाटलं, तो घाम चिंतेचा आहे.

गडाची चढण सुरू झाली. बायको काठी टेकत सावकाश, नागपूरकर दर दहा पावलांवर फोटो, आणि मुलगी व गाइड सगळ्यांच्या पुढे. मी वर पाहिलं तर दोघं एका वळणावर थांबून बोलत होते. तो हात हलवून सांगत होता, ती ऐकत होती. मध्येच ती काहीतरी विचारत होती आणि तो खाली पाहून विचार करत होता. उलटतपासणी! एकट्या मुलीला गाठून विचारतोय. आणि ती भोळी सगळं सांगत बसली असेल. मागची तीन स्थळं का नाकारली, बापाची शुगर, ती गादी, सगळं.

मी बायकोला मागे टाकलं आणि झपझप निघालो. दगड-गोटे, वाळलेलं गवत, मध्येच तुटलेल्या पायऱ्या. नक्कारखान्याच्या कमानीपर्यंत मी पोचलो तेव्हा एका कमानीच्या दोन झाल्या होत्या. मग गाइडही दोन झाले. हात थरथरायला लागले. एवढं आठवतं की मी कमानीला धरून म्हणालो, "आवाज चढवत नाही ती," आणि खाली बसलो.

गाइड धावत आला. त्यानं माझ्या कपाळाला हात लावला, बोटं पाहिली आणि शांतपणे म्हणाला, "काकाची शुगर उतरली." त्यानं पिशवीतून गुळाचा खडा काढून माझ्या तोंडात टाकला, मग संत्रं सोलून एकेक फोड हातात देऊ लागला. खालून बायको आली, तिनं पदराला बांधलेला तिळाचा लाडू काढला. संक्रांतीच्या आधीच मला तिळगूळ मिळाला, गोड बोलण्याच्या अटीशिवाय. बायकोचं तोंड तर बिलकुल गोड नव्हतं.

पाच-सात मिनिटांनी कमान परत एक झाली. मला सगळ्यात आधी सुचलं ते हे : "तुम्हाला कसं कळलं शुगर म्हणून?"

"ताईनं परवाच लिवून पाठोलं होतं ना, काका. तुमची शुगर, गोळीचं नाव, काकूचा गुडघा. आमाले आधीच मागा लागते. सकाळी तं नियम म्हणून परत इचारलं." मग थोडं अवघडून म्हणाला, "तुमी नाही म्हनले तं मी म्हटलं, असन काही. माणसाले कधी कधी लाज वाटते."

लाज तर मला आता वाटत होती. पण संशयी माणूस लाजेतूनही मागे फिरत नाही. मी म्हणालो, "जा. जाऊन सांगा पांढुर्ण्याला. मुलीच्या बापाला शुगर आहे, आणि वरून खोटं बोलतो. लिहा वहीत. पण त्यात पोरीची काही चूक नाही, तेवढं लिहा."

"कोणाले सांगू?" त्यानं माझ्याकडे, मग मुलीकडे पाहिलं. "ताई, काकाले अजून गरगरून राहिलं काय?"

मुलगी माझ्या समोर पायरीवर बसली. तिचा चेहरा लाल झाला होता. रागानं की चढणीनं, कळेना. "बाबा," ती म्हणाली, "ते चौकशी नाही करत आपली. मी करून राहिली त्यांची. म्हणजे, त्या मुलाची."

मला वाटलं, शुगर अजून खालीच आहे.

"हे आणि तो, कॉलेजात तीन वर्षं एका खोलीवर राहिले. आमच्या पोस्टातल्या मॅडमनं सांगितलं मला. तुम्ही चौकशी करता ती काय करता? पितो का, बाग किती, सासू कशी. मला जे विचारायचं होतं, ते कोणत्याच सलूनवाल्याला माहीत नसतं."

"मग मला सांगायचं ना! मी केली असती."

"म्हणूनच नाही सांगितलं," बायको म्हणाली. म्हणजे तीही सामील! "तुम्हाला सांगितलं असतं तं तुम्ही त्या पोराच्या पोटात शिरून बसले असते. आणि पोट्टी एकटी इथं परक्या पोराशी बोलताना कोणाले दिसली असती, तं सौंसरात हिचीच चौकशी सुरू झाली असती. म्हणून मायबाप सोबत पाहिजे होते."

म्हणजे चार तासांच्या या सगळ्या नाटकात माझं काम पडद्याचं होतं. पडदाच मधोमध येऊन कोसळला.

गाइड बिचारा संत्र्याच्या साली गोळा करत होता. मी त्याला विचारलं, "मग तुम्ही सांगितलं काय त्याच्याबद्दल?"

त्यानं मुलीकडे पाहिलं. ती म्हणाली, "सांगा ना. आता काय लपवायचं."

"ताईनं एकच इचारलं. चुकला म्हणजे काय करते तो? मी आठवून सांगितलं. आमच्या घरमालकीणबाईचं मोठं पातेलं होतं पितळेचं, तिच्या मायनं देलेलं. आमी खिचडीसाठी मागून आणलं. त्यानं जाळून टाकलं पार. अन् कोणाले न सांगता गच्चीवर टिनाखाली लपवून ठेवलं. बाई आली तं तिले वाटलं मी हरवलं. दोन दिवस मी शिव्या खाल्ल्या, काका. तो ऐकून राहिला अन् चूप. मग तिसऱ्या दिवशी स्वतःच खाली गेला, पातेलं घेऊन, अन् साऱ्यायसमोर सांगितलं, मी जाळलं अन् मीच लपोलं. मग कल्हईवाला शोधून पूर्ण एक दिवस घासून घेतलं त्यानं."

"चांगलंच आहे की," मी म्हणालो. "कबूल केलं ना."

"दोन दिवसांनी," मुलगी म्हणाली. "हे शिव्या खात असताना तो ऐकत होता." ती उठली आणि ओढणी झटकली. "तुम्ही आज सकाळपासून किती खोटं बोलले, बाबा? आणि कबूल कधी केलं? तोंडात गूळ टाकल्यावर. मला जन्मभर कोणाच्या तोंडात गूळ टाकत बसायचं नाही."

मी उरलेला लाडू तोंडात टाकला आणि बायकोकडे पाहिलं. ती माझ्याकडे पाहून बारीक हसली.

मुलगी आणि नागपूरकर वर गेले. मी पंधरा मिनिटांनी बायकोला धरून, खरं तर तिनं मला धरून, चढलो. वर पाण्याचं टाकं आहे, भर उन्हाळ्यातही पाणी राहतं म्हणे. कठड्यावर बसून मुलगी लांब पाहत होती. गाइड तिला मुद्दाम एकटी सोडून नागपूरकरांना महालाच्या भिंती दाखवत होता. मला तो माणूस तेव्हा पहिल्यांदा आवडला. शंभर रुपयांत त्यानं मला जे दाखवलं, त्याचं नाव मोबाइलवरच्या त्याच्या जाहिरातीत नव्हतं.

पौष सरला आणि दुसऱ्याच दिवशी पांढुर्ण्याहून निरोप आला : आमची पसंती आहे. मी लगेच हो म्हणणार होतो. मुलीनं फोनवर हात ठेवला. "आधी मी त्याच्याशी बोलते. समोर."

तो मुलगा एकटाच आला. आमच्या बैठकीत बसला. आम्ही दोघं स्वयंपाकघरात, दाराच्या आड. ऐकणं चूक आहे हे मला माहीत होतं, पण बायकोच पुढे उभी होती, मी तिच्या मागे. मुलीनं चहा दिला आणि सरळ विचारलं, "ते पितळेचं पातेलं. दोन दिवस का लागले?"

बाहेर कप खाली ठेवल्याचा आवाज आला. मग तो म्हणाला, "दोन नाही. तीन."

"तीन?"

"पहिल्या दिवशी, घरमालकीणबाई यायच्या आधी, मी राखेनं घासून पाहिलं, गुपचूप. निघालं असतं तर कोणालाच सांगितलं नसतं. ते माझ्या त्या मित्राला माहीत नाही. पुढे तो माझ्यासाठी शिव्या खात होता तेव्हाही मी वर बसून घासत होतो. मग वाटलं, हे निघालं तरी मला दिसत राहील." थोडं थांबून म्हणाला, "त्याची माफी मी मागितली आहे. पण तो एक दिवस आजच पहिल्यांदा सांगितला."

बायकोनं मागे वळून माझ्याकडे पाहिलं. मी तिला खूण केली, सरक, मला ऐकू दे. पण पुढे ऐकण्यासारखं काही नव्हतं. मुलगी फक्त एवढंच म्हणाली, "चहा थंड झाला. दुसरा आणते," आणि आत आली. आम्हाला दाराआड पाहिलं, डोळे वटारले. मग गॅसवर भांडं ठेवता ठेवता, आमच्याकडे पाठ करून म्हणाली, "हो सांगा त्यांना."

साक्षगंधाला, म्हणजे साखरपुड्याला, गाइड आला होता, टोपीशिवाय. मुलाच्या बापानं, म्हणजे आता माझ्या व्याह्यानं, माझ्यापुढे पेढ्याचं ताट धरलं. मी धडा शिकलेला माणूस. सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, "माफ करा जी, मला शुगर आहे. आधी सांगायला पाहिजे होतं."

"माहीत आहे," व्याही म्हणाले.

मी गाइडकडे पाहिलं. त्यानं जोरात मान हलवली, मी नाही, मी नाही.

"तुमच्या गल्लीच्या तोंडाशी ते सलून आहे ना," व्याही अर्धा पेढा तोडून माझ्या हातावर ठेवत म्हणाले, "तुम्ही रोज ज्याच्याकडे पाठ करून पानठेल्यावर बसता. मी तिथं दोनदा दाढी केली जी."